भाजलेल्या बोयींची गोष्ट

उर्मिला सव्वापाचलाच मीरा रोड स्टेशनच्या पूर्वेला येऊन उभी राहिली. टूर सहाची होती, पण घरी एकदा टेकलं की आपल्याला परत उठवणार नाही हे तिला माहीत होतं. या आठवड्यातली ही पाचवी टूर. डाव्या टाचेत सकाळपासून खिळा ठोकल्यासारखं दुखत होतं. औषधाच्या दुकानातून आणलेला मऊ तळवा तिने बुटात घातला होता, त्याचाही आता पापड झाला होता.

आधी ती बारा वर्षं एका कुरिअर कंपनीच्या काउंटरवर होती. ती कंपनी बंद पडली, आणि सेहेचाळीसाव्या वर्षी तिला 'सांजचव' नावाच्या टूरमध्ये काम मिळालं. संध्याकाळी सहा ते दहा, मीरा-भाईंदरचं खाणं आणि रात्रीची मौज पाहुण्यांना दाखवायची. नया नगरातले कबाब, हाटकेशच्या कारखान्यांमधली एक बेकरी, मग गाण्याचा एक बार, आणि शेवटी काशीमीऱ्याला कोरियन बार्बेक्यू. मालकाचा एकच आग्रह असायचा. प्रत्येक थांब्यावर स्वतःच्या आयुष्यातलं काहीतरी सांगायचं. "खाणं लोक विसरतात मॅडम, गोष्ट नाही विसरत," तो म्हणायचा.

आजची यादी छोटी होती. अनुष्का, अधिक पाच जण. पुण्याच्या एका औषध-वाहतूक कंपनीची माणसं, काशीमीऱ्याच्या गोदामात तीन दिवसांच्या कामाला आलेली. ड्रायव्हर उत्तमने टेम्पो ट्रॅव्हलर रिक्षा स्टँडच्या पुढे लावली आणि दार सरकवलं. पाच जण भराभर उतरले. अनुष्का पुढे आली. पंचविशीतली, हसरी मुलगी.

"मॅडम, एक सर फोनवर आहेत. आलेच."

सर उतरले. कानांवर पांढरे झालेले केस, कंपनीचा निळा शर्ट, गळ्यात ओळखपत्र. उर्मिलाच्या हातातला 'सांजचव'चा बोर्ड जरासा खाली आला.

तो परेश होता. तिचा धाकटा भाऊ. सहा वर्षांत दोघं एकमेकांशी एक शब्द बोललेले नव्हते.

परेशने तिच्याकडे पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावर आश्चर्य नव्हतं, हे तिच्या तेव्हाच लक्षात आलं.

"नमस्कार मॅडम," तो म्हणाला.

"नमस्कार," उर्मिला म्हणाली. मग बाकीच्यांकडे वळून रोजच्या आवाजात म्हणाली, "मी उर्मिला. मी इथलीच, भाईंदर गावातली. आज पोटात जागा ठेवून आलात ना सगळे?"

सगळे हसले. परेशही हसल्यासारखं करून रस्त्याकडे बघत राहिला.

सहा वर्षांपूर्वी वडील, बाळाराम, गेले त्या दिवसाची गोष्ट. बाळारामची खाडीत होडी होती. भाईंदरच्या बंदरावर त्याला सगळे ओळखायचे, थोडे घाबरायचेही. शेवटी लिव्हरने गेला. तीन रात्री उर्मिला दवाखान्याच्या बाकावर बसून होती. परेशला पुण्याला पहाटेच फोन केला होता, तरी तो दुपार उलटल्यावर आला. तोवर सगळं उरकून माणसं स्मशानातून परतली होती. तो दारात दिसला आणि उर्मिला सगळ्या नातेवाइकांसमोर म्हणाली, "आता कशाला आलास?" परेशने चपलासुद्धा काढल्या नाहीत. तसाच मागे फिरला.

आईशी तो फोनवर बोलायचा. फोन वाजला की उर्मिला पिशवी घेऊन बाजारात निघून जायची.

नया नगरात गर्दी होती. कबाबवाल्याच्या हातगाडीपाशी धूर, लिंबं, हॉर्न. उर्मिलाने पाठ असलेलं सगळं सांगितलं. इथला मसाला कुठून येतो, कोणती पावरोटी घ्यायची, किती तिखट झेपेल. "भाई, छह प्लेट, एक में मिर्ची कम," तिने सवयीने सांगितलं आणि मग तिचं तिलाच कळलं की कमी तिखटाची ती प्लेट तिने परेशसाठी सांगितली होती. लहानपणी त्याला तिखट सोसायचं नाही. प्लेट आल्यावर ती कुणाची, असा प्रश्न पडला. परेशने मुकाट्याने ती उचलली.

गाडीत अनुष्का त्याच्याशी बोलत होती.

"सर, तुम्हीपण या बाजूचेच ना? ठाणे जिल्हा असं काहीतरी म्हणाला होतात."

"हो, तिकडचाच," परेश म्हणाला.

उर्मिला पुढे उत्तमच्या शेजारी बसली होती. तिने बूट काढून टाच दाबली. उत्तमने आरशातून मागे पाहिलं आणि हळूच विचारलं, "ताई, बरं वाटत नाय का?"

"दमलेय रे. बाकी काही नाही."

हे खरंच होतं. राग यावा, रडू यावं, असं तिला वाटत होतं, पण तेवढं बळच अंगात नव्हतं. परेश गाडीत आहे आणि अजून तीन थांबे बाकी आहेत, एवढंच डोक्यात होतं.

हाटकेशच्या बेकरीत सगळ्यांनी भट्टीतून निघालेली गरम खारी खाल्ली. बारमध्ये एक बाई जुनी गाणी म्हणत होती. पुण्याच्या मंडळींनी टाळ्या वाजवल्या, दोघांनी बिअर घेतली, एक जण टेबलाजवळच नाचला. परेशने सोडा मागवला. उर्मिला भिंतीला पाठ टेकून उभी होती. सोड्याचा दुसरा ग्लास आला तेव्हा परेशने तो वेटरकरवी तिच्याकडे पाठवला. तिने घेतला. दोघांनी एकमेकांकडे पाहिलं नाही.

आठ वाजून गेल्यावर गाडी काशीमीरा नाक्याला लागली. हायवेवर ट्रकांची रांग हलत नव्हती. शेवटचा थांबा असलेलं जितेशचं हॉटेल त्याच्या बापाच्या गॅरेजच्या वर होतं. खाली अजून एका ट्रकचं काम चाललं होतं, ग्रीसचा वास जिन्यापर्यंत यायचा आणि वर पोचल्यावर भाजलेल्या मांसाच्या वासात विरून जायचा. बापाला हे वरचं प्रकरण मान्य नव्हतं, पण जितेशने मिझोरामची एक चांगली आचारीण आणली होती आणि शनिवार-रविवारी टेबल मिळत नसे.

"आवो आवो, उर्मिलाबेन!" जितेशने मोठं टेबल राखून ठेवलं होतं.

टेबलाच्या मधोमध निखाऱ्यांची खोलगट शेगडी, तिच्यावर जाळी, वरून धूर ओढून घेणारं पत्र्याचं नळकांडं. भोवती वाट्याच वाट्या. आंबवलेला तिखट कोबी, तिळाचं तेल, लसूण, सॅलडची ओली पानं. वाढणाऱ्या मुलीने कच्च्या मांसाची ताटं आणून ठेवली. डुकराच्या जाड पट्ट्या, मसाल्यात मुरवलेलं चिकन, कोळंबी, आणि अनुष्कासाठी मशरूम.

"इथे आचारी तुम्हीच," उर्मिला म्हणाली. "चिमट्याने पट्टी जाळीवर ठेवायची, एकदाच उलटायची, कात्रीने तुकडे करायचे. मग पानात गुंडाळून अख्खा घास तोंडात. अर्धा तोडायचा नाही."

चिमटा परेशच्या हातात आला. त्याने पट्ट्या नीट अंतर ठेवून मांडल्या. चरबी निखाऱ्यावर ठिबकून जाळ झाला की तो पट्टी बाजूला सरकवत होता. उर्मिलाला ते हात ओळखीचे वाटले. बाळारामही असाच बसायचा, एक खांदा पुढे काढून.

ही तिची शेवटच्या थांब्याची गोष्ट सांगायची वेळ होती. आज ती सांगणारच नव्हती. जेवा निवांत, असं म्हणून ती खिडकीपाशी जाऊन बसणार होती. पण अनुष्काने फोन वर केला.

"मॅडम, तुमच्या वडिलांची ती माशांची गोष्ट! रिव्ह्यूत सगळ्यांनी लिहिलंय, ती चुकवू नका म्हणून. सांगा ना."

"आज राहू दे," उर्मिला म्हणाली. "खूप वेळा सांगितलीये."

"आम्ही कुठे ऐकलीये? प्लीज."

परेशने मान वर केली नाही. बाकीचे पाचही जण तिच्याकडे बघत होते. नाही म्हणून पुढचं सगळं समजावत बसण्यापेक्षा सांगून टाकणं सोपं होतं.

"माझे वडील खाडीत मासेमारी करायचे," तिने सुरुवात केली. शब्द आपोआप येत होते. "संध्याकाळी होडी बंदराला लागली की ते तिथेच तीन दगड मांडून निखारे करायचे. बोय म्हणून खाडीचा मासा असतो. ताजी बोय, नुसतं मीठ लावून निखाऱ्यावर. वाडीतली सगळी पोरं गोळा व्हायची. बाबा स्वतःच्या हाताने काटे काढायचे आणि एकेकाच्या हातावर घास ठेवायचे. पहिला घास धाकट्याला. ते म्हणायचे, विस्तवाभोवती बसून जेवलं की भांडणं राहत नाहीत. कोरियातले लोकही असेच विस्तवाभोवती बसतात, म्हणून मला हे ठिकाण..."

"किती गोड," अनुष्का म्हणाली.

परेशने चिमटा ताटात ठेवला. चिमट्याचा आवाज जरा मोठाच झाला.

"काटे कोण काढायचं?" त्याने विचारलं.

उर्मिला टेबलावरच्या वाट्या सारख्या करू लागली.

"नाही, म्हणजे कुतूहल म्हणून विचारतोय. वडील काटे काढायचे, असं म्हणालात ना तुम्ही?"

"हो."

"बरं," परेश म्हणाला. तो उठला, खुर्ची मागे सारली. "मी जरा हवा खाऊन येतो. पट्ट्या करपतील, बघा कुणीतरी." आणि तो जिना उतरून गेला.

टेबलावर कुणालाच काही कळेना. उर्मिलाने चिमटा उचलला, चार पट्ट्या उलटल्या, कात्री अनुष्काच्या हातात दिली. "मी सरांना घेऊन येते," ती म्हणाली. जिन्याच्या प्रत्येक पायरीला टाच ओरडत होती.

परेश गॅरेजच्या बाजूला, जुन्या टायरांच्या ढिगापाशी उभा होता. आत कुणीतरी पाना आपटत होतं. हायवेचा आवाज एवढा होता की मोठ्याने बोलावं लागत होतं.

"वर चल," उर्मिला म्हणाली. "तुझी माणसं थांबलीयेत."

"बाबांना तू असं करून टाकलंस?"

"कसं?"

"देवमाणूस! ताई, ते मासे त्यांच्या दोस्तांसाठी असायचे. बाटली घेऊन बसायचे सगळे. आपण जवळ गेलो की हाकलायचे. एकदा मी एक बोय उचलली तर मासे उलटायच्या चिमट्याने हातावर मारलं होतं. तू राखेत दोन मासे लपवून ठेवायचीस. मागून आणायचीस, होडीच्या आडोशाला. काटे तू काढायचीस. मला बोटं भाजलेली दाखवायची नाहीस." तो थांबला. "आणि आता पुण्याच्या लोकांना सांगतेयस की बाबा घास भरवायचे."

उर्मिला टायरावर बसली. उभं राहणं आता शक्यच नव्हतं.

"मग काय सांगू?" ती म्हणाली. "बाप प्यायचा, पोराला मारायचा, हे सांगू? त्यावर कोण जेवेल? पहिल्यांदा सांगितलं ना, तेव्हा खरं तेच सांगायला गेले होते. राखेतले मासे वगैरे. पण समोर एक म्हातारं जोडपं होतं. ती बाई आधीच रडवेली झाली. म्हणून मी वाक्य फिरवलं. काटे बाबांनी काढले म्हणाले. तिला बरं वाटलं. मग रोज तेच."

"रोज?"

"आठवड्यातून पाचदा. दोन वर्षं. आता कधीकधी मलाच वाटतं की तसंच होतं. इतकी दमलेय मी, परेश, की खरं काय ते आठवायचाही कंटाळा येतो."

एक कंटेनर वळण घेत होता, त्याचा दिवा दोघांवरून गेला.

"मला सकाळीच कळलं होतं," तो मग म्हणाला. "अनुष्काने ग्रुपवर टाकलं, गाइड उर्मिला, राहणार भाईंदर गाव. आईने सांगितलं होतं तू पाहुण्यांना फिरवतेस म्हणून. पोट बिघडलंय असं सांगून हॉटेलवर राहता आलं असतं मला."

"मग आलास का?"

"माहीत नाही. तू कशी दिसतेस ते बघावंसं वाटलं."

"कशी दिसतेय?"

"म्हातारी झालीस."

उर्मिलाला हसू आलं. "तू काय मोठा तरणा राहिलायस."

परेशही टायरावर टेकला. निळ्या शर्टाला ग्रीस लागेल हे तिच्या ओठांवर आलं होतं, पण ती बोलली नाही.

"त्या दिवशी मी उशिरा नव्हतो आलो," तो म्हणाला. "तुझा फोन आला तशी पहिली गाडी पकडली. दहाला या नाक्यावर उतरलो होतो. इथून पुढे रिक्षात बसवेना. समोर तेव्हा चहाची टपरी होती, तिथे बसून राहिलो चार तास. त्यांना बघायचं नव्हतं मला. मेलेलं बघून रडू आलं असतं तर काय, याचीच भीती वाटत होती. इतकी वर्षं नाही रडलो त्यांच्यापायी."

उर्मिलाने हे कधी ऐकलं नव्हतं. आईनेही सांगितलं नव्हतं. बहुधा तिलाही माहीत नसावं.

"मी बोलले ते..." तिने सुरुवात केली.

"बरोबरच बोललीस."

"नाही. ऐक. ते तुझ्यासाठी नव्हतं. तीन रात्री झोपले नव्हते मी. दवाखान्याचं, लाकडांचं, माणसांचं सगळं एकटीने केलं. दारात जो कोणी आला असता त्याला बोलले असते. तू आलास म्हणून तुला."

"तू एकदाही फोन केला नाहीस मग."

"तू केलास?"

"नाही."

वरून जितेशने खिडकीतून डोकं काढून हाक मारली, "उर्मिलाबेन, सब ठीक है ना? दूसरा प्लेट लगाऊं?"

"लगाओ," तिने ओरडून सांगितलं आणि उठायला गेली. टाचेने दगा दिला. परेशने दंडाला धरून तिला उभं केलं, आणि जिना चढेपर्यंत हात सोडला नाही.

टेबलावरची मंडळी अवघडून बसली होती. अनुष्का लगेच म्हणाली, "सर, सॉरी, आमचं काही चुकलं का?"

"तुमचं काही नाही चुकलं," परेश म्हणाला. "ही माझी मोठी बहीण आहे. आम्ही खूप दिवसांनी भेटलो." कुणाला काही विचारायला वेळ न देता त्याने शेजारची खुर्ची ओढली. "ताई, बस. जेव."

"गाइड पाहुण्यांबरोबर जेवत नाहीत. नियम आहे."

"बस म्हटलं ना."

ती बसली. परेशने जाळीवरचा एक तुकडा उचलला, करपलेली कड कात्रीने कापून टाकली, पानावर ठेवला, लसूण आणि कोबी घालून गुंडाळला आणि तिच्या पुढ्यात धरला. सगळे बघत होते. उर्मिलाने तो अख्खा तोंडात घातला. गरम होता. जीभ भाजली. कोबी जास्तच आंबट झाला होता. दुपारी दोनपासून तिने काही खाल्लं नव्हतं हे तिला तेव्हा आठवलं आणि ती खाली मान घालून खात राहिली. एकामागून एक, सहा-सात घास. कुणीही तिला गोष्ट सांगायला सांगितलं नाही. अनुष्का आपल्या आजोबांविषयी काहीतरी सांगत होती, ते अर्धंमुर्धं कानावर पडत होतं. टूरमध्ये पहिल्यांदाच दुसरं कुणीतरी बोलत होतं आणि ती ऐकत होती.

निघताना परेश खाली तिच्याजवळ थांबला. बाकीची माणसं गाडीत चढत होती.

"मी येतो तुझ्याबरोबर घरी. आईला भेटतो."

उर्मिलाने मान हलवली. "आज नको. राग नाही रे, खरंच नाही. पण तू आलास की आई रडणार, मग तिला सांभाळा, मग शेजारचे येणार. आज माझ्यात कुणाचंही काही करायची ताकद नाही."

"उद्या आठला आमची गाडी निघते."

"मग सहाला ये. आई पाचलाच उठते."

"दार तू उघडशील?"

"हो, मीच उघडेन," ती म्हणाली.

घरी आल्यावर तिने आईला काही सांगितलं नाही. गरम पाण्यात पाय बुडवून बसली, मोबाइलवर साडेपाचचा गजर लावला आणि पाठ टेकली.

जाग आली तेव्हा उन्हाची तिरीप थेट तोंडावर होती. सव्वाआठ वाजले होते. उर्मिला दचकून उठली. फोन उशाशी नव्हता, ओट्यावर होता, गजर बंद केलेला. ओट्यावर चहाचे दोन रिकामे कप होते आणि आई, इंदुबाई, खाली बसून सुकट निवडत होती. तिचे डोळे सुजलेले होते, पण ती शांत दिसत होती.

"आई! परेश..."

"आला व्हता," इंदुबाई म्हणाली. "सा वाजता. मीच दार उघरला. तुजा फोन परत परत वाजत व्हता, त्यानीच बंद केला. तुला उठवू नको म्हनला."

"अगं, मी त्याला सांगितलं होतं की मी..."

"मी हाक मारीत व्हते तुला. त्यानी माजा हात धरला. म्हनला, निजू दे तिला. चा पिला, भाकर खाल्ली. मंग तुज्या पायाशी बसून ऱ्हायला गप. गाडीचा फोन आला तसा गेला."

"काही बोलला?"

"तुजी टाच कुठली दुकते ते इचारला. मी बोलले, मला न्हाय म्हाईत, ती काय सांगते का मला."

उर्मिला भिंतीला टेकून बसली. आधी तिला रागच आला. सहा वर्षांनी भाऊ दारात आला आणि आपण झोपून राहिलो, कुणी उठवलंही नाही. मग तिने फोन हातात घेतला. त्याला काय लिहावं हे सुचेना. 'जाग आली नाही' एवढंच लिहून तिने पाठवलं. थोड्या वेळाने उत्तर आलं, 'माहितीये. घोरत होतीस.'

आज संध्याकाळीही टूर होती, आठ जणांची. शेवटच्या थांब्यावर काय सांगायचं याचा विचार तिच्या मनात एकदा आला आणि तिने तो बाजूला ठेवला.

"चा ठेवू तुला?" इंदुबाईने विचारलं.

"नंतर," उर्मिला म्हणाली. तिने पडदा ओढला, परत गोधडीत शिरली आणि साडेदहापर्यंत झोपली.